सोडलं की परत मिळतं : कुत्र्याला खेळण्याची शिस्त लावण्याची कृती

तोंडात धरलेली वस्तू सोडत नाही, खेळता खेळता मनगट धरतो, मुलाच्या हातातला चेंडू उडी मारून हिसकावतो, वाळत घातलेल्या साडीचा पदर ओढून पळतो. कुत्रा पाळणाऱ्या घरांतल्या या ठरलेल्या तक्रारी. असा कुत्रा बहुतेक वेळा हट्टी नसतो. त्याला अनुभवाने दोनच गोष्टी कळलेल्या असतात : सोडलं की वस्तू जाते, आणि घेऊन पळालं की सगळं घर मागे धावतं. या कृतीत त्याला याच्या उलट अनुभव द्यायचा आहे. सोडलं की वस्तू परत मिळते, आणि दात जपून वापरले तरच खेळ चालू राहतो. एवढं एक त्याच्या मनात पक्कं बसलं की बाकीची शिस्त त्यातूनच उभी राहते.

ओढाताणीचा खेळ खेळू नये, खेळलाच तर कुत्र्याला जिंकू देऊ नये, नाहीतर तो डोक्यावर बसतो, असं आजही पुष्कळ जण सांगतात. इंग्लंडमधल्या साउथॅम्प्टन विद्यापीठातल्या निकोला रूनी आणि जॉन ब्रॅडशॉ यांनी 14 गोल्डन रिट्रीव्हर कुत्र्यांवर हे तपासून पाहिलं आणि 2002 मध्ये निष्कर्ष छापले. कुत्र्याला वारंवार जिंकू दिलं काय किंवा हरवलं काय, तो माणसावर शिरजोर झाल्याचं त्यांना दिसलं नाही. म्हणून ओढाताण जरूर खेळा. कोण जिंकलं याला महत्त्व नाही. नियम पाळले गेले का, ते बघा.

साहित्य

1. ओढायची दोन एकसारखी खेळणी. लांबी हातभर तरी हवी, म्हणजे कुत्र्याचे दात आणि आपली बोटं यांत वीतभर अंतर राहतं.
2. दोन सारखे चेंडू. कुत्र्याच्या घशात जाणार नाहीत एवढे मोठे. टेबल टेनिसचा चेंडू किंवा मुलांचा छोटा उसळता रबरी चेंडू मोठ्या कुत्र्याच्या घशात अडकून जीव जाऊ शकतो.
3. चघळायचं एक भक्कम पोकळ रबरी खेळणं.
4. पनीर, उकडलेलं अंडं किंवा उकडलेलं चिकन यांचे हरभऱ्याच्या डाळीएवढे तुकडे, मीठ-मसाला न लावलेले. लोचो, फरसाण, खाकरा देऊ नका; मीठ आणि मसाला कुत्र्याला सोसत नाही. कांदा, लसूण, मनुका आणि चॉकलेट तर विषारीच.
5. छातीवरून बसणारा हार्नेस आणि दोन मीटरची हलकी दोरी.
6. खेळणी ठेवायला घट्ट झाकणाचा डबा.
7. जाड सतरंजी किंवा रबरी चटई.

खेळणं घरी करायचं असेल तर

जुनं सुती धोतर, पंचा किंवा सुती लुगडं घ्या. हाताच्या पंजाएवढ्या रुंदीच्या तीन लांब पट्ट्या फाडा, एका टोकाला गाठ मारा, घट्ट वेणी घाला आणि दुसऱ्या टोकाला पुन्हा गाठ मारा. वेणी साधारण मनगटाएवढी जाड झाली पाहिजे. खेळ संपला की ती डब्यात गेली पाहिजे आणि धागे सुटायला लागले की कचऱ्यात.

सुरतेत इथे एक मोह टाळावा लागतो. लिंबायत, उधना, डिंडोली, पांडेसरा या भागांतल्या कित्येक घरांत बायका साड्यांना लेस लावतात, खडे आणि टिकल्या चिकटवतात, धागे कापतात. चिंध्यांची पोती दारातच असतात आणि त्यांची रंगीत वेणी घालून कुत्र्याला द्यावी असं सहज वाटतं. तसं करू नका. सुरतेचं बहुतेक कापड पॉलिस्टरचं. त्याचा धागा पोटात विरघळत नाही आणि तुटतही नाही. एक टोक जिभेच्या मुळाशी किंवा जठराच्या तोंडाशी अडकतं, दुसरं आतड्यात पुढे सरकत राहतं, आणि नाडी ओढल्यावर नेफा गोळा व्हावा तसं आतडं त्या धाग्यावर गोळा होतं. धागा ताणला गेला की आतड्याला चिरतो. कुत्रा वारंवार ओकतो, खात नाही, पाठ वर काढून उभा राहतो. असं दिसलं तर त्याच दिवशी पशुवैद्याकडे न्या. तोंडातून किंवा गुदद्वारातून लोंबणारा धागा घरी ओढून काढू नका. आतलं आतडं फाटू शकतं. घरात जरीकाम किंवा लेसकाम चालत असेल तर खेळ सुरू करण्यापूर्वी जमीन झाडून घ्या आणि माल वर ठेवा.

पूर्वतयारी

*जागा.* फ्लॅटमधल्या गुळगुळीत फरशीवर धावताना कुत्र्याचे पाय घसरतात आणि गुडघ्याचे सांधे दुखावतात. सतरंजी अंथरा आणि खेळ तिच्यावरच ठेवा. काही दिवसांत सतरंजी अंथरली म्हणजे खेळ आणि गुंडाळली म्हणजे खेळ संपला, हेही त्याला समजायला लागतं.

*वेळ.* सुरतेच्या दमट उन्हाळ्यात कुत्र्याला धाप लागून अंगातली उष्णता बाहेर टाकणं जड जातं. सकाळी ऊन चढण्यापूर्वी किंवा सूर्य मावळल्यावर खेळा. एका वेळी पाच मिनिटं पुरेत, पिल्लाला तीन. दिवसातून दोन-तीनदा थोडं थोडं खेळणं एकदम अर्धा तास खेळण्यापेक्षा जास्त शिकवतं. जेवणानंतर लगेच पळापळ नको.

*वय.* पिल्लाला 28 दुधाचे दात असतात. साधारण चौथ्या महिन्यापासून ते पडायला लागतात आणि सातव्या महिन्यापर्यंत 42 पक्के दात येतात. या काळात हिरड्या दुखतात, म्हणून ओढाताण अगदी हलकी ठेवा आणि चघळायला गार केलेला ओला सुती पंचा द्या, तोही समोर बसून.

*शब्द.* घरात मराठी, शेजारी गुजराती, गल्लीत हिंदी अशी इथली रीत. आजी 'सोड' म्हणते, मुलगा 'छोड' म्हणतो, शेजारच्या बेन 'मूकी दे' म्हणतात, आणि कुत्रा कुणाचंच ऐकत नाही. घरातल्या सगळ्यांनी बसून पाच शब्द ठरवा : 'बस', 'घे', 'सोड', 'थांब', 'पुरे'. कागदावर लिहून फ्रिजवर लावा. शब्द एकदाच, साध्या आवाजात म्हणायचा. पाच वेळा ओरडून म्हटलं तर कुत्रा पाचव्या वेळेची वाट बघायला शिकतो.

कृती

पायरी 1 : खेळाची सुरुवात आपण करायची

सगळी खेळणी डब्यात ठेवा. चघळायचं तेवढं बाहेर राहू द्या. डब्यातून एक खेळणं काढा आणि पाठीमागे धरा. कुत्रा उड्या मारेल, भुंकेल. काही बोलू नका, हलू नका. चारही पाय जमिनीवर आले की 'बस' म्हणा. ढुंगण टेकताच खेळणं पुढे करा आणि 'घे' म्हणा. 'घे' म्हणण्यापूर्वी त्याने झडप घातली तर खेळणं पुन्हा पाठीमागे जातं. रागवायची गरज पडत नाही. बसल्याने खेळणं मिळतं आणि झडप घातल्याने जातं, हे त्याच्या लक्षात येतं. आठवडाभरात डबा वाजला की तो स्वतः येऊन बसायला लागतो.

पायरी 2 : अदलाबदल करत 'सोड' शिकवायचं

सुरुवात त्याच्या फारशा आवडत्या नसलेल्या खेळण्यापासून करा. ते त्याच्या तोंडात असताना पनीरचा तुकडा नाकाशी आणा. वासाने जबडा सैल होतो आणि खेळणं सुटतं. सुटत असतानाच 'सोड' म्हणा, तुकडा द्या आणि लगेच तेच खेळणं 'घे' म्हणून परत करा.

परत करणं हा या कृतीचा गाभा आहे. पुष्कळ जण तुकडा देऊन खेळणं कपाटात ठेवतात. मग दोन दिवसांत कुत्रा पनीर ओळखतो आणि खेळणं घेऊन पलंगाखाली जातो. दहा वेळा सोडायला लावलं तर नऊ वेळा परत द्या.

पाच-सहा दिवसांनी क्रम बदला : आधी 'सोड' म्हणा, एक श्वास थांबा, मग तुकडा खिशातून काढा. पुढे तुकडा कधी द्या, कधी नुसतं खेळणं परत द्या. शेवटी खेळणं परत मिळणं हेच बक्षीस ठरतं. जे करायला कुत्र्याला मनापासून आवडतं ते बक्षीस म्हणून देता येतं, हे तत्त्व मानसशास्त्रज्ञ डेव्हिड प्रीमॅक यांनी मांडलं. मुलांना 'आधी अभ्यास, मग क्रिकेट' म्हणणारी प्रत्येक आई तेच वापरते.

पायरी 3 : ओढाताण करता करता थांबायचं

आता वेणीचं खेळणं घ्या. 'घे' म्हणा आणि ओढा. ओढताना तीन गोष्टी सांभाळा. कुत्र्याची मान पाठीच्या रेषेत राहू द्या. डावीकडे-उजवीकडे ओढा, वर-खाली झटके देऊ नका. खेळण्याला लोंबकळवून त्याला जमिनीवरून उचलू तर मुळीच नका. मानेच्या मणक्यांना इजा होते.

दहा सेकंद ओढून झालं की खेळणं दोन्ही हातांनी मांडीला टेकवून घट्ट धरा आणि पुतळ्यासारखे स्तब्ध राहा. नजर दुसरीकडे. कुत्रा आधी आणखी जोरात ओढेल, डोकं झटकेल, एखादं गुरगुरणं काढेल. खेळणं हलतच नाही म्हटल्यावर ओढण्यातला जोर कमी होतो, मागे टेकलेले पाय सरळ होतात, तो तुमच्या तोंडाकडे बघतो. नेमक्या याच क्षणी 'सोड' म्हणा. जबडा उघडला, ओलं झालेलं खेळणं हाताला हलकं लागलं, की 'शाब्बास' म्हणा आणि दुसऱ्या श्वासाला 'घे'. उशीर करू नका; सोडल्याबद्दल खेळ परत मिळाला हे त्याला त्याच क्षणी कळायला हवं.

हा क्रम एका डावात पाच-सहा वेळा करा. मधे मधे त्याला जिंकू द्या. खेळणं घेऊन तो एक फेरी मारून परत तुमच्याकडेच येऊन ते मांडीवर टाकायला लागला तर समजा, खेळ बरोबर चालला आहे.

तोंडात बोटं घालून जबडा उघडणं, नाकावर मारणं, वर्तमानपत्राची गुंडाळी दाखवणं यांतलं काहीही करू नका. भीतीने सोडणारा कुत्रा पुढच्या वेळी तुम्ही जवळ येण्याआधीच पळतो, किंवा चावतो.

पायरी 4 : दात लागला की खेळ बंद

खेळताना दात हाताला किंवा कपड्याला लागला, चुकून जरी लागला, तरी खेळणं सोडा, उभे राहा, हात छातीशी घ्या आणि पाठ फिरवा. वीस-तीस सेकंद शांत राहा. मोठ्याने ओरडू नका. पुष्कळ पिल्लांना ते ओरडणं खेळच वाटतं. मग 'बस' म्हणून खेळ पुन्हा सुरू करा. एका डावात तिसऱ्यांदा दात लागला तर सतरंजी गुंडाळा. त्याचं अंग तापलेलं असतं. त्या वेळी तो काही शिकत नाही.

हा नियम घरातल्या प्रत्येकाने पाळायचा. बाबा हाताने कुस्ती खेळणार आणि आजीला दात लागला की कुत्रा वाईट ठरणार, हे अन्यायाचं आहे. माणसाचा हात हे कुणाच्याच खेळात खेळणं असता कामा नये.

पायरी 5 : चेंडू आणून द्यायला शिकवायचं

गल्लीत क्रिकेट चाललेलं असतं, कुत्रा चेंडू पळवतो आणि सगळी पोरं त्याच्यामागे धावतात. कुत्र्याच्या दृष्टीने दिवसातला तो सर्वांत रंगलेला खेळ असतो. म्हणून पहिला नियम : मागे धावायचं नाही.

बोळात किंवा घराच्या पॅसेजमध्ये, हार्नेसला दोरी बांधून सुरुवात करा. एक चेंडू चार-पाच पावलांवर टाका. त्याने उचलला की उलट दिशेला चालायला लागा आणि दुसरा चेंडू हातात उडवा. तो तुमच्याकडे येतो. आला की 'सोड' म्हणा आणि तोंडातला चेंडू खाली पडताच दुसरा टाका. खाली पडलेला उचलून घ्या. तो आता दुसरा चेंडू झाला. दोरी फक्त लांब पळू नये म्हणून. तिने ओढून आणू नका.

लॅब्राडॉर, गोल्डन रिट्रीव्हर यांना आणून द्यायची उपजत ओढ असते. गावठी कुत्र्याला बऱ्याचदा पळवण्यात आणि हुंगून शोधण्यात जास्त रस असतो. त्याने चेंडू दोनदा आणून तिसऱ्यांदा पाठ फिरवली तर सक्ती करू नका. चेंडू सतरंजीखाली लपवा आणि शोधायला सांगा. खेळ वेगळा, नियम तेच.

पायरी 6 : 'थांब'

खेळणं जमिनीवर ठेवा, वर पंजा धरा आणि 'थांब' म्हणा. तो नाकाने ढोसेल, पायाने ओरबाडेल. मागे सरला की हात उचला आणि 'घे' म्हणा. आधी एक सेकंद, मग तीन, मग दहा. नंतर खेळणं जमिनीवरून सरकवा, मग टाका, आणि तो थांबला तरच घेऊ द्या. पळत्या वस्तूमागे न धावता थांबता येणं हे खेळातलं सगळ्यांत अवघड काम. याला महिना लागला तरी लागू द्या.

पायरी 7 : मुलांना आणि पाहुण्यांना सामील करायचं

पहिल्या सहा पायऱ्या मोठ्या माणसाबरोबर बिनचूक झाल्यावरच मुलांची पाळी. दहा वर्षांखालच्या मुलाने ओढाताण खेळू नये. त्याने चेंडू टाकावा, लपवलेली वस्तू शोधायला सांगावी, आणि तेही मोठं माणूस शेजारी असताना. मुलांना तीन गोष्टी सांगा : हात वर करून पळायचं नाही, तोंडाजवळ तोंड न्यायचं नाही, कुत्र्याच्या तोंडातलं काही आपण काढायचं नाही.

उन्हाळ्याच्या सुटीत भुसावळच्या गाडीने खानदेशातून पाहुणे येतात आणि दोन खोल्यांत दहा माणसं होतात. त्या दिवसांत नवं काही शिकवू नका. कुत्र्याला स्वतःचा कोपरा द्या, चघळायचं खेळणं द्या आणि तिथे त्याला कुणी हात लावणार नाही अशी सगळ्यांना तंबी द्या.

पायरी 8 : खेळ संपवायचा

तो दमून किंवा चिडून थांबेपर्यंत खेळू नका. रंगात असतानाच संपवा. शेवटचं 'सोड' झालं की 'पुरे' म्हणा, खेळणं डब्यात ठेवा आणि त्याच्या जेवणातले मूठभर दाणे सतरंजीवर विखरून टाका. नाक खाली घालून हुंगण्यात कुत्रा आपोआप निवळतो. ते खाऊन झालं की रबरी खेळण्यात थोडा दहीभात भरून द्या. चघळता चघळता तो आडवा होतो. खेळ संपणं म्हणजे काही तरी गमावणं, असं त्याला वाटता कामा नये.

गुरगुरला तर

ओढाताणीत गुरगुरणं चालतं, त्याचं अंग मात्र सैल हवं : शेपूट हलती, कमरेला हेलकावा, सोडून पुन्हा तुमच्याकडे येणं. अंग एकदम ताठ झालं, डोकं खेळण्यावर खाली गेलं, डोळ्यांचा पांढरा भाग दिसायला लागला, तोंड मिटून गुरगुर आतून आली, तर तो खेळत नाही. वस्तू राखतो आहे. हात काढून घ्या, दूर व्हा, लांबून पनीरचे तुकडे फेका आणि तो तिकडे गेला की खेळणं उचला. गुरगुरल्याबद्दल शिक्षा करू नका. गुरगुरणं ही त्याने दिलेली सूचना असते. ती दाबली तर पुढच्या वेळी कुत्रा सूचना न देता चावतो. असं दुसऱ्यांदा घडलं तर पशुवैद्याला दाखवा. दात, कान किंवा सांधा दुखत असला तरी कुत्रा असा वागतो. दुखणं नसेल तर न मारता शिकवणारा प्रशिक्षक गाठा.

खेळताना दात लागून रक्त आलं तर जखम वाहत्या पाण्याखाली साबणाने 15 मिनिटं धुवा. हळद, चुना, तिखट लावू नका. मग नवीन सिव्हिल किंवा स्मीमेर रुग्णालयात जाऊन डॉक्टरांना दाखवा. कुत्रा घरचा असला तरी. कुत्र्याची रेबीजची लस दरवर्षी वेळेवर हवीच.

उत्तरायणाच्या दिवसांत

14 आणि 15 जानेवारीला सुरतेचं सगळं आकाश पतंगांचं असतं, आणि नंतर कित्येक दिवस गच्चीवर, झाडांवर, रस्त्यांवर मांजा पडलेला असतो. सुरती मांजावर काचेची पूड असते. नायलॉनचा मांजा 2017 पासून राष्ट्रीय हरित लवादाच्या आदेशाने देशभर बंद आहे, तरी तो सापडतो. पंजा कापणं आणि गिळलेला दोरा आतड्यात अडकणं, दोन्ही धोके खरे. जानेवारीभर गच्चीवर खेळू नका. खेळायचंच असेल तर आधी स्वतः फिरून दोरे गोळा करा.

झालं की नाही, कसं ओळखायचं?

खेळ ऐन रंगात असताना, हातात खाऊ नसताना, घरातल्या कुठल्याही मोठ्या माणसाने एकदाच साध्या आवाजात 'सोड' म्हटलं आणि कुत्र्याने दोन सेकंदांत सोडलं, तर शिस्त लागली. मग आठवड्यातून दोनदा तरी हा सराव चालू ठेवा आणि प्रत्येक वेळी वस्तू परत द्यायला विसरू नका. फिरायला गेल्यावर रस्त्यात त्याने कोंबडीचं हाड उचललं, औषधाची पट्टी उचलली, मांजाचा गुंता उचलला, तर ती वस्तू तुम्ही परत देणार नाही. तरीही तो सोडेल, कारण घरी शेकडो वेळा सोडून त्याचं काही गेलेलं नाही. त्या एका सोडण्याने त्याचा जीव वाचतो, आणि रोजची ही पाच मिनिटं त्यासाठीच द्यायची.